आईची मांडणी

आमच्या घरात पहिल्यांदा कॅमेरा आला, त्या दिवशी आईनं मला घराबाहेर काढलं.

वसमतच्या स्टँडवरून जीपमध्ये चेंगरून, कॅमेऱ्याची बॅग मांडीवर सांभाळत मी गावात पोचले होते. कॅमेरा संभाजीनगरच्या मैत्रिणीकडून मागून आणलेला. दारात चप्पल काढणार तेवढ्यात आई चौकटीत आडवी उभी राहिली.

"आता न्हाई. दुपार कलल्यावर ये."

"माय, घर माझं हाय."

"तुझं हाय. त्याचं न्हाई." तिनं बॅगेकडं बोट केलं. "तो पहिल्यांदा येऊन राहिला आपल्या घरी. आवरू दे मला."

माझा राग नाकावर असतो हे आमच्या गल्लीत सगळ्यांना माहीत आहे. पाय आपटत मी विहारापुढच्या लिंबाखाली जाऊन बसले. आवरलेलं घर हीच तर मला नको असलेली गोष्ट होती. मला आईचं घर रोज असतं तसं हवं होतं. चुलीमागची काळी भिंत, खुंटीला अडकवलेली कामाची साडी, कोपऱ्यात उभा केलेला विळा आणि खुरपं, सगळं जिथल्या तिथं. आणि ती आत सगळं झाकपाक करत होती. मधेच झाडूचा आवाज यायचा, मधेच थांबायचा. मग ती डोक्यावर टोपलं घेऊन गल्लीत जाताना दिसायची, थोड्या वेळानं टोपल्यावर फडकं टाकून परत यायची. सारवायला माती आणत असेल असं मला वाटलं. मी हाक मारली तर तिनं लांबूनच हात हलवला, बस तिथंच म्हणून. तीन तास मी माझ्याच गावात पाहुणी होऊन बसले होते.

माझा हट्ट उगाच नव्हता. त्याआधी दोन वर्षं मी शहरातून येणाऱ्या माहितीपटवाल्यांच्या हाताखाली काम करत होते. त्यांना आमच्या भागातली बोली कळायची नाही आणि मला त्यांच्याकडून कॅमेरा शिकायचा होता, म्हणून जमून गेलं. एकदा कनेरगाव नाक्याच्या अलीकडं एका खेड्यात, एका म्हाताऱ्या बाईंच्या घरी आमचं चित्रीकरण चाललं होतं. विषय गरिबी. दिग्दर्शक माणूस वाईट नव्हता. तो बाईंना आजी म्हणायचा, जमिनीवर मांडी घालून बसायचा, दिलेलं पाणी प्यायचा. पण कॅमेऱ्यातून बघितलं आणि त्यानं मान हलवली. आजींच्या मागं मांडणी होती. भिंतीला ठोकलेल्या लोखंडी फळ्या आणि त्यांच्यावर घासूनपुसून लखलखीत केलेली भांडी. "फार चमकतात," तो म्हणाला. "घर खाऊनपिऊन सुखी वाटतं. झाकता येईल का?"

झाकायचं काम माझ्याकडं आलं. आजींचीच गोधडी घेऊन मी त्यांच्याच मांडणीवर टाकली. त्या म्हणाल्या, "बाई, तेच तर दाखवण्यासारखं हाय माझ्या घरात. काहून झाकून राहिली?" मी हसून वेळ मारून नेली. पुढं तो माहितीपट बराच नावाजला गेला. मी तो पडद्यावर पाहिला तेव्हा आजींच्या मागं अंधार होता आणि माझ्या शेजारच्या बाई तो अंधार बघून हळहळत होत्या. तो अंधार म्हणजे मी टाकलेली गोधडी होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

तेव्हाच मी ठरवलं की स्वतःचा माहितीपट करायचा आणि त्यात कुणाच्या घरातली वाटीसुद्धा इकडची तिकडं करायची नाही. आपण हात लावायचा नाही, कॅमेरा ठेवायचा आणि वाट बघायची. गरिबी दाखवायची तर आहे तेवढीच दाखवायची, वरून काजळी फासायची नाही. विषय शोधायला मला लांब जावं लागलं नाही. आमच्याकडं हळदीचा हंगाम सुरू झाला की सबंध वस्तीतल्या बाया रोजानं रानात जातात, आणि त्यांच्यात सगळ्यात झपाट्यानं चालणारे हात माझ्या आईचे आहेत. हे मी लेक म्हणून सांगत नाही, बायाच सांगतात.

आईनं लगेच होकार दिला नाही. चार दिवस विचार केला आणि फोनवर अट घातली.

"पिच्चर झाला की आदी आपल्या वस्तीत दाखवायचा. सगळ्यायच्या समोर. मी व्हय म्हणले तरच बाहेर जाईल. न्हाई म्हणले तर न्हाई."

"बरं."

"बरं न्हाई. शब्द दे."

मी शब्द दिला. आई नाही म्हणेल असं तेव्हा माझ्या मनातसुद्धा आलं नव्हतं.

तर दुपार कलली आणि मला घरात घेतलं गेलं. अंगण सारवलेलं, उंबरठा धुतलेला. खुंटीवरची साडी गायब. आईनं थोरल्या बहिणीच्या लग्नातली मोरपंखी साडी नेसलेली, केसांना तेल लावून चापूनचोपून अंबाडा घातलेला. आणि तिच्या मागं आमची मांडणी, तिन्ही फळ्या गच्च. वर हंडे आणि कळश्या, मधल्या फळीवर मोठ्यापासून लहानापर्यंत उतरत गेलेले डबे, खाली उभी लावलेली ताटं, परात आणि पेल्यांची रांग. दारातून ऊन आत आलं होतं आणि भांड्यांवर पडून सगळं घर उजळलं होतं.

मी कपाळाला हात लावला. "माय, रोजची साडी नेस ना."

"पाहुण्यासमोर?"

"पाहुणा कुठंय?"

"हा काय हा." तिनं कॅमेऱ्याच्या भिंगात डोकावून पाहिलं. "ह्याच्यातून किती लोक बघतील म्हणलीस?"

"लई."

"मग? तेवढे लोक घरात आले तर मी फाटकं नेसून बसंन काय?"

कुणाच्या घरातली वाटी हलवायची नाही असा नियम मीच केला होता. मग साडी बदल असं तरी कोणत्या तोंडानं सांगणार? माझाच नियम माझ्या गळ्यात पडला होता. मी मुकाट्यानं कॅमेरा तिकाटण्यावर लावला आणि आई जशी बसली होती तशी टिपली. मग मांडणीचा एक लांब शॉट घेतला, वरच्या फळीच्या डाव्या टोकापासून खालच्या फळीच्या उजव्या टोकापर्यंत, सावकाश. खरं सांगायचं तर मनातल्या मनात मी तो टाकाऊ धरला होता.

मांडणी लावणं ही आईची कला आहे. आमच्याकडं नवं भांडं घेतलं की दुकानातच त्याच्यावर बारीक ठिपक्यांनी नाव घालून घेतात, घरातल्या कर्त्याचं नाहीतर देणाऱ्याचं. आणि मांडणीवर ठेवताना ते नाव बरोबर समोर यायला पाहिजे, असं आईला तिच्या आईनं शिकवलेलं. आईला वाचता येत नाही. तिच्या लेखी नाव म्हणजे भांड्याचं तोंड. भिंतीकडं तोंड करून बसलेलं भांडं तिला चालत नाही. लहानपणी मी एखादा पेला कसाही ठेवला की ती न बोलता उठायची आणि तो वळवून ठेवायची.

दुसऱ्या दिवसापासून आम्ही रानात. तिथं मात्र आईला नटायला सवड नव्हती. कामाच्या साडीवर वडिलांचा पूर्ण बाह्यांचा शर्ट, डोक्याला उपरणं. वडील जाऊन आता बरीच वर्षं झाली, पण त्यांचा शर्ट अजून रोज कामाला जातो. ट्रॅक्टरनं उकरून वर काढलेली हळद बाया उकिडव्या बसून वेचतात, माती झटकतात, मुळ्या तोडतात, गड्डा आणि हळकुंडं वेगळी करतात. प्रत्येकीची आपापली पात, म्हणजे वाट्याला आलेली ओळ. आईची पात इतरांच्या पुढं हातभर असायची. मी धावत पुढं जाऊन कॅमेरा लावायचे तोवर ती तिथून पुढं सरकलेली.

"माय, परत एकदा कर ना. नीट आलं न्हाई."

"वेचलेली हळद परत मातीत घालू काय?"

बाया खो खो हसल्या. दिग्दर्शकाची पत त्या दिवशी तेवढीच होती. दुपारी भाकरी खाताना आईनं हळदीनं पिवळी झालेली बोटं शर्टाला पुसली आणि कॅमेऱ्याकडं बघून मला विचारलं, "माझी पाठ दुखून राहिली, हे दिसतं का ह्याच्यात?"

"न्हाई दिसत."

"मग काय दाखवतो हा?"

मी तो प्रश्न तसाच माहितीपटात ठेवला आहे. पुढं ज्यांनी ज्यांनी पाहिला, त्यांना तो प्रश्न लागला.

बारा दिवस मी घरी होते. घरातल्या मांडणीवर आईनं पहिल्याच संध्याकाळी जुनी साडी टाकली होती, धूळ बसते म्हणून. मी त्याकडं लक्ष दिलं नाही. रोज रानात जायचं, आल्यावर बॅटऱ्या लावायच्या आणि दिवसभराचं काम तपासत बसायचं, यात माझे डोळे गुंतलेले. दुसऱ्याच्या घरात काय दिसतंय ते सांगणारी मी, माझ्या घरातली मांडणी झाकलेली का, एवढं विचारलं नाही.

ते कळलं संभाजीनगरला. मैत्रीण माहितीपटाचं एडिटिंग करत होती, मी शेजारी बसून तिला सूचना देत होते. मांडणीचा शॉट आला तसं मी म्हटलं, "हा राहू दे, पुढं चल." ती थांबली. मोठ्या पडद्यावर भांड्यांवरची अक्षरं स्पष्ट वाचता येत होती. "तुमच्या घरात एवढी माणसं आहेत?" तिनं विचारलं.

मी पुढं वाकले. हंड्यावर समोरच्या घरच्या मावशीच्या नवऱ्याचं नाव होतं. कळशीवर पलीकडच्या शिंप्याचं. डब्यांवर तीन वेगवेगळ्या घरांची नावं, परातीवर विहाराशेजारच्या मास्तरांचं. सबंध मांडणीवर नऊ घरांची नावं होती, आणि आमचं म्हणता येईल असं एकच भांडं. खालच्या फळीवर अगदी कडेला एक तांब्या, आईला तिच्या लग्नात तिच्या वडिलांनी दिलेला, त्यांच्या नावाचा.

मग टोपलं आठवलं. आई सारवायला माती आणत नव्हती. तीन तास ती दारोदार जाऊन भांडी मागून आणत होती, माझ्या कॅमेऱ्यासमोर आपली मांडणी भरलेली दिसावी म्हणून. त्याच संध्याकाळी ती भांडी परत गेली आणि जुन्या साडीखाली रिकाम्या फळ्या राहिल्या. आमची भांडी कधीच गेली होती. निम्मी थोरल्या बहिणीच्या लग्नात तिच्याबरोबर कळमनुरीला गेली, उरलेली एकेक करून फुटली, चेपली, मोडीत निघाली. मी बाहेर शिकायला होते आणि आई फोनवर सगळं ठीक आहे म्हणायची. आणि तिनं नेमकं काय करावं? शिकवल्याप्रमाणं प्रत्येक भांड्याचं नाव नीट पुढं करून ठेवलं होतं. लपवायचं होतं तेच तिनं स्वतःच्या हातानं रांगेत लावून दाखवलं होतं. मला आधी हसू आलं. मग मी बराच वेळ रडले.

मैत्रीण म्हणाली, "हा शॉट सोडायचा नाही. तुझ्या सगळ्या माहितीपटात एवढं खरं काही नाही." तिचं बरोबर होतं. मलाही तो हवा होता, अगदी हावरटासारखा हवा होता. गरिबी म्हणजे काय हे मी दोन वर्षं अंधाऱ्या भिंतींत शोधत होते आणि ती अशी लखलखीत भांड्यांतून समोर आली होती. पण शब्द दिला होता. मी घरी गेले आणि आईला सांगितलं.

"नावं वाचता येतात काय?" ती म्हणाली.

"येतात."

ती उठून चुलीपाशी गेली. काही काम नसताना राख पुढं ओढली, मागं ढकलली. "काहून एवढ्या जवळून काढलं?"

"मला माहीत नव्हतं, माय."

"कळमनुरीची विहीण येणार हाय बघायला. सगळ्यायच्या समोर तिला कळंल का हिच्या घरात सोताचं भांडं न्हाई. उद्या तुझ्या बहिणीला बोलून दाखवतील." तिनं माझ्याकडं पाहिलं नाही. "काढून टाक ते."

मी हुज्जत घालणार होते. शॉट किती चांगला आहे, खरं आहे, लोकांना कळायला पाहिजे, सगळं ओठांवर आलं होतं. पण मागं एकदा एका आजींनी दाखवा म्हटलेलं मी झाकलं होतं. आता आई झाका म्हणत असताना उघडं करायचं, म्हणजे मी काहीच शिकले नाही असं झालं असतं. मी शॉट काढून टाकला. जिवावर आलं, पण काढला.

बाजाराच्या दिवशी कामाला सुट्टी असते, म्हणून त्याच दिवशी दुपारी विहारात दाखवायचं ठरलं. खिडक्यांना गोधड्या बांधून अंधार केला, शाळेतून प्रोजेक्टर आणला, भिंतीवर पांढरी चादर लावली. सबंध वस्ती लोटली. कळमनुरीची विहीण पहिल्या रांगेत, आई तिच्या शेजारी, पाठ ताठ करून. आईच्या मागं समोरच्या घरची मावशी. मावशी आणि आईचं नळावर वर्षातून दोनदा कडाक्याचं भांडण होतं आणि दोन्ही वेळा आठवडाभरात मिटतं.

माहितीपट सुरू झाला. रानातल्या बाया स्वतःला बघून ओरडत होत्या, एकमेकींना चिमटे काढत होत्या. आई पात पुढं नेते तिथं पोरांनी शिट्ट्या वाजवल्या. पाठीचा प्रश्न आला तेव्हा मात्र सगळं चिडीचूप झालं. मी मागं भिंतीला टेकून उभी होते. संपलं, टाळ्या झाल्या, विहीणबाईंनी आईचा हात हातात घेतला. आईचा चेहरा मोकळा झालेला मी लांबूनही पाहिला. जमलं, मी मनात म्हटलं.

तेवढ्यात मावशी उठून उभी राहिली.

"माझा हंडा कुठंय?"

कुणाला काही कळेना. मावशी थेट माझ्याकडं वळली. "पोरी, मी सकाळची चिंच लावून घासून दिला व्हता हंडा. पिच्चरमधी येणार म्हणून. कुठंय तो?"

"आन् माझे डबे?" पलीकडून आवाज आला.

"परातबी न्हाई दिसली!"

"आमच्या कळशीनं काय घोडं मारलं व्हतं?"

एकेक करून नऊही घरच्या बाया उठल्या. विहारात एकच कालवा. मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. आईनं जे झाकायला शॉट काढून टाकायला लावला होता, ते शॉट काढला म्हणूनच आता विहीणबाईंच्या देखत नऊ तोंडांनी बाहेर पडत होतं. मी आईकडं पाहिलं. ती मान खाली घालून बसली होती. तिनं विहिणीच्या हातातून आपला हात काढून घेतला. मग ती उठली.

"पोरीला बोलू नका. मी काढाय लावलं."

"काहून?" मावशी म्हणाली.

"लाज वाटली मला." तिनं वळून सगळ्यांकडं पाहिलं. "माझी मांडणी रिकामी हाय. एक तांब्या हाय माझ्या बापाचा. बाकी सगळं तुमचं व्हतं. हे विहीणबाईला कळू नये म्हणून काढाय लावलं. आता कळलं."

मावशी म्हणाली, "तुझी मांडणी म्हंजी काय परक्याची मांडणी हाय? माझ्या पोरीच्या बघायच्या वक्ताला तुझ्याच घरून ताटं नेली व्हती मी. तवा तुला सोन्याची वाटली ती, आन् आता माझ्या हंड्याची लाज वाटून राहिली?"

आणि ज्यांची सगळ्यांना धास्ती, त्या विहीणबाई बसल्या जागेवरून म्हणाल्या, "तुमी बी खऱ्याच. सुनेबरोबर आलेली तुमचीच भांडी माझ्या मांडणीवर हायेत. एक फोन केला असता तर मी जीपमधी टाकून घेऊन आले असते. आमचं न्हाई एक बी घेतलं."

आई हसली. डोळे पुसायचे सोडून हसली. आणि माझ्याकडं वळून म्हणाली, "हाय का ते तुझ्याजवळ? का फेकलं?"

"हाय."

"लाव."

लॅपटॉपवर तो शॉट होता. मी भिंतीवर लावला. वरच्या फळीवर हंडा आला तशी मावशी ओरडली, "हा बघा माझा!" मग कळशीवाली, मग डबेवाल्या, मग परातवाली. प्रत्येक भांड्याला एक हाक आणि प्रत्येक हाकेला टाळ्या. शेवटी कडेला तांब्या आला तेव्हा आई काहीच बोलली नाही. तिच्याऐवजी मावशीच मोठ्यानं म्हणाली, "आन् हा हिच्या बापाचा."

तीनदा दाखवायला लावलं त्यांनी मला. मग आई म्हणाली, "आता बाहेर दाखव. कुठं बी दाखव."

निघताना मावशीनं मला कोपऱ्यात गाठलं. "पिच्चरच्या शेवटाला नावं येतात ना? हंड्यावर मालकाचं नाव हाय. तिथं माझं टाक. घासते मी." बाकीच्या आठ जणींचंही तेच म्हणणं पडलं. मी वहीत नावं लिहून घेतली. त्यांतल्या कितीतरी जणींना मी जन्मापासून अमक्याची आई म्हणून ओळखत होते, त्यांची स्वतःची नावं मला त्या दिवशी कळली.

पुण्यातल्या एका महोत्सवात आमचा माहितीपट निवडला गेला. आई आणि मावशी दोघी माझ्याबरोबर आल्या. आई मोरपंखी साडीत, सभागृहातल्या गार हवेत पदर लपेटून बसलेली. सूत्रसंचालकानं सांगितलं की ही मराठवाड्यातल्या एका गरीब स्त्रीची कहाणी आहे. आई मावशीच्या कानाला लागली, "कोण गं ती?" मावशी खांदे उडवून म्हणाली, "आसंल कोणी."

त्या गर्दीत माझा जुना दिग्दर्शकही होता. मांडणीचा शॉट आला तेव्हा मी मुद्दाम त्याच्याकडं पाहिलं. तो पुढं वाकून अक्षरं वाचत होता. मनातला जुना हिशेब चुकता झाल्यासारखं मला वाटायला हवं होतं, पण मला आठवल्या त्या कनेरगावकडच्या आजी आणि त्यांची भांडी. त्यांच्याकडं एकदा जायचं, त्यांची मांडणी बघायची, हे मी तिथंच ठरवलं. पुढच्याच महिन्यात जाऊनही आले.

माहितीपट संपला. टाळ्या झाल्या, दिवे अर्धे लागले आणि लोक नेहमीसारखे उठू लागले. पडद्यावर अजून नावं सरकत होती. सुरुवातीला कॅमेरा, एडिटिंग वगैरे दोनचार, आणि मग 'मांडणी' या शब्दाखाली त्या नऊ जणी. कुणी पर्स घेत होतं, कुणी फोन काढत होतं. आई ताडकन उभी राहिली आणि रानात बायांना हाक मारते त्या आवाजात म्हणाली,

"बसा ना जरा. नावं ऱ्हायलीत अजून."

सबंध सभागृह वळून बघायला लागलं. आणि एकेक करून सगळे खाली बसले. कॅमेरे हाताळणारे, परीक्षक, माझा जुना दिग्दर्शक, सगळे.

आई उभीच होती. पडद्याकडं बघत ती नावं घेऊ लागली, आधी हंडेवालीचं, मग कळशीवालीचं, मग डबेवाल्या तिघी, फळीवर जशी भांडी लावली होती त्याच क्रमानं. पडद्यावरचं एकही अक्षर तिला वाचता येत नव्हतं, आणि एकही नाव तिचं चुकलं नाही.